पिसांचा नाग आणि गोगलगायी खाणारी सापीण

समुद्रापलीकडच्या एका दूर देशात असा एक डोंगर आहे, की त्याच्या अंगावर घटकाभर टेकल्याशिवाय ढगांना पुढं जाताच येत नाही. त्या डोंगरावरच्या दाट जंगलात फार पूर्वी एक सापीण राहायची. अंगानं बारीक, रंगानं वाळल्या पानासारखी आणि स्वभावानं इतकी गरीब, की वाटेत मुंगळ्यांची रांग आडवी आली तर ती संपेपर्यंत बाजूला थांबून राहायची. खायची ती फक्त गोगलगायी. तिच्या दातांत विष नव्हतं, आणि एखाद्या सशाला विळखा घालावा एवढी ताकदही तिच्या अंगात नव्हती.

पण बाळांनो, हे ती सांगणार कुणाला? ऐकायला कुणी थांबतच नसे. पाचोळ्यात तिची सळसळ झाली की उंदीर बिळात, ससे झुडपात आणि माकडं शेंड्यावर. "अहो, जरा ऐका तरी," असं तिनं म्हणेपर्यंत समोरची जागा रिकामी झालेली असायची. दिवसच्या दिवस असे जात, की तिचा शब्द दुसऱ्या कुणाच्या कानावर पडतच नसे.

त्या जंगलाच्या मधोमध एक पडकं देऊळ होतं. ते बांधणारी माणसं केव्हाच निघून गेली होती. उंच दगडी पायऱ्या, त्यांच्या फटींतून उगवलेली झाडं आणि पायऱ्यांच्या तळाशी जबडा वासून बसलेला एक प्रचंड दगडी नाग. या नागाच्या अंगावर खवल्यांऐवजी पिसं कोरलेली होती. माणसांपैकी कुणी त्याला कुकुल्कान म्हणत, कुणी क्वेत्झलकोआत्ल. जनावरांना एवढी अवघड नावं कुठून यायला? ती त्याला नुसतं 'पिसांचा नाग' म्हणत. पावसाच्या आधी जो वारा सुटतो तो त्याचाच, ढग येण्याआधी तो आभाळातल्या वाटा झाडून ठेवतो, असं त्यांच्या वाडवडिलांनी सांगून ठेवलं होतं. त्यामुळं पाऊस लांबला की हरणं, ससे, रानडुकरं, माकडं सगळी देवळापुढच्या तळ्यावर जमत आणि त्या दगडापुढं माना वाकवून उभी राहत.

सापीण हे पायऱ्यांच्या फटीतून पाहायची. तिचं घर तिथंच होतं. तिला नवल वाटायचं. 'हाही सापच. मीही सापच. याच्या उघड्या जबड्यात सशाची पिल्लं खेळतात, आणि मी नुसती जीभ बाहेर काढली तरी पळापळ होते. मग फरक तो काय? पिसांचाच ना?'

एवढ्या मोठ्या जंगलात तिला सोबती असा एकच होता. त्यांची ओळख झाली तीही अपघातानं. एकदा धुकं असं दाटलं होतं की स्वतःची शेपटी स्वतःला दिसेना. गोगलगायी शोधत ती एका कुजक्या खोडावर चढत होती. वर ढोलीच्या तोंडाशी हिरवीगार नेच्याची पानं लोंबत होती. ती बाजूला सारायला तिनं तोंड लावलं, तर पानं थरथरली. ती पानं नव्हतीच. ती एका पक्ष्याच्या शेपटीची पिसं होती.

आत क्वेत्झल नावाचा एक पक्षी अंड्यांवर बसला होता. पाचूसारखी हिरवी पाठ, लालभडक छाती आणि अंगाच्या दुप्पट लांब शेपूट. ती ढोलीत मावत नाही म्हणून बिचाऱ्याला बाहेर सोडून बसावं लागे. सापिणीला पाहून त्याच्या छातीची धडधड बाहेर ऐकू यायला लागली, पण तो जागचा हलला नाही.

"हे बघ," तो कसाबसा म्हणाला, "मारायचं असेल तर मार. मी उठणार नाही. माझ्या पोटाखाली अंडी आहेत."

"मी गोगलगायी खाते," सापीण म्हणाली.

"सगळे साप असंच सांगतात का?"

"काय ठाऊक. माझं बोलणं आजवर कुणी पुरतं ऐकून घेतलेलंच नाही."

पक्ष्यानं मान तिरकी करून तिच्याकडं पाहिलं. मग म्हणाला, "बरं, मी ऐकतो. नाही तरी मला कुठं उडून जाता येणार आहे?"

त्या दिवशी सापीण खूप बोलली. इतके दिवस साठलेलं सगळं बोलली. पुढं त्याच आठवड्यात पक्षी आणि त्याची पक्षीण दोघंही दाणापाण्याला गेलेली असताना टूकन नावाचा दुसरा एक पक्षी आपली अवजड चोच घेऊन अंडी पळवायला आला. तेव्हा हीच सापीण ढोलीच्या तोंडावर वेटोळं घालून बसली आणि जन्मात पहिल्यांदा कुणीतरी आपल्याला भ्यावं म्हणून जोरानं फुसफुसली. टूकन पळाला. तेव्हापासून पक्षी तिला 'ताई' म्हणू लागला आणि ती त्याला 'दादा'. पक्षिणीला मात्र हे नातं शेवटपर्यंत रुचलं नाही. सापीण आली की ती मुकाट्यानं वरच्या फांदीवर जाऊन बसायची.

पिल्लं मोठी होऊन उडून गेली आणि दर वर्षीप्रमाणं पक्ष्याची पिसं झडायला लागली. ती लांब हिरवी पिसं एक एक करून खाली आली. सापीण हळहळली.

"अगं, त्यात वाईट काय वाटायचं?" पक्षी म्हणाला. "नवी येतात. तू ने ही. तुझं घर दगडाचं, अंथरायला होतील. ऊब असते पिसांना."

"आणि नवी यायला किती वेळ लागतो?"

"लागतो बराच. तोवर जपावं लागतं ताई. वाढत्या पिसाच्या देठात रक्त असतं. नुसता धक्का लागला तरी कळ थेट मस्तकात जाते. ते दिवस मी ढोलीतच काढतो."

सापिणीनं ती पिसं तोंडात धरून एकेक करून आपल्या फटीत नेली. तिला कुणी काही दिल्याची ही पहिलीच वेळ होती. त्यावर वेटोळं घालून ती निजू लागली, आणि खरंच, दगडाचा गारठा तिला लागेनासा झाला.

त्या वर्षी पावसानं पाठ फिरवली. ढग डोंगरापर्यंत येत आणि कोरडेच पुढं जात. झरे आटले, शेवाळं वाळून झाडांवरून गळू लागलं आणि गोगलगायी शंखांची तोंडं बंद करून कुठंकुठं दडून बसल्या. त्या शोधताना सापीण एकदा कोपलच्या झाडावर चढली. कोपलच्या खोडातून चिकट राळ झरते. जुन्या काळी माणसं ती देवापुढं धूप म्हणून जाळायची. उन्हानं ती राळ पातळ झाली होती. सापिणीचं अंग डोक्यापासून शेपटीपर्यंत त्यात माखलं. थकून भागून ती घरी आली आणि तशीच पिसांवर निजली.

सकाळी जाग आली तेव्हा सगळी पिसं अंगाला घट्ट चिकटली होती. घासून काढावीत म्हणून ती फटीतून बाहेर पायरीवर आली. नेमकं त्याच वेळी ऊन वर आलं आणि तिच्या अंगावर हिरव्या-निळ्या ज्वाळा उठल्यासारखं झालं.

खाली तळ्यावर सगळं जंगल पाण्याला जमलेलं होतं. आधी एका हरणाची मान वर झाली. मग दुसऱ्याची. मग अशी शांतता पसरली की पाण्यावरचे किडे ऐकू यावेत. त्या शांततेत करड्या कोल्ह्याचा आवाज फुटला. "देव! अरे, पिसांचा नाग जागा झाला! वाका, सगळे वाका!"

"नाही हो," असं म्हणायला सापिणीनं तोंड उघडलं. पण तेवढ्यात गर्दीतून एक सशीण पुढं आली. तिचं पिल्लू तापानं मलूल झालं होतं. तिनं ते सापिणीच्या अगदी समोर, तोंडापाशी, पायरीवर ठेवलं आणि म्हणाली, "देवा, माझं लेकरू तुमच्या पदरात घातलंय. त्याला वाचवा."

याच सशिणीनं आदल्याच दिवशी सापिणीला पाहून झुडपात उडी टाकली होती. आणि आता तिचं पिल्लू सापिणीच्या श्वासाच्या अंतरावर होतं. त्याचं इवलंसं पोट वर-खाली होत होतं. सापिणीला वाटलं, आता मी खरं बोलले तर ही किंचाळेल. हे पिल्लू उचलून पळेल. आणि पुन्हा माझ्याजवळ कुणीसुद्धा येणार नाही.

ती गप्प बसली. एवढंच केलं तिनं. खोटं एक अक्षर ती बोलली नाही.

पुढचे दिवस तिला स्वप्नासारखे गेले. सशिणीच्या पिल्लाचा ताप आपोआप उतरला आणि त्याचं श्रेय देवाला मिळालं. जनावरं सकाळ-संध्याकाळ येत, पायरीशी बसत, आपलं सुखदुःख सांगत. म्हातारं कासव आपल्या गुडघ्यांचं दुखणं सांगे. माकडांच्या जावा-जावा एकमेकींची गाऱ्हाणी आणत. सापीण सगळं ऐकून घ्यायची. ऐकणारा कुणी नसला की कसं होतं, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? आपण यांच्या उपयोगी पडतो आहोत, असंच तिला मनापासून वाटत होतं.

कोल्हा तिचा पुजारी झाला होता. त्याला कुणी नेमलं नव्हतं. देव असला की देवाच्या वतीनं बोलणारा कुणीतरी लागतो, हे त्यानं सगळ्यांच्या आधी ओळखलं होतं. कुणी कुठं बसायचं, काय आणायचं, देव आज प्रसन्न आहे की रागावला आहे, हे सगळं तोच सांगे. देवापुढं फळांच्या राशी पडत आणि त्या कोल्ह्याच्या पोटात जात. सापिणीला मात्र गोगलगाय दिसेनाशी झाली. देवानं चिखलात तोंड खुपसून गोगलगायी शोधायच्या तरी कशा? ती उपाशी राहू लागली.

एका दुपारी सगळे पांगलेले पाहून क्वेत्झल पक्षी खाली आला. शेपूट नसल्यामुळं तो अगदी लहानसा दिसत होता. नव्या पिसांचे काटे नुकते फुटायला लागले होते आणि ते कुठं आपटू नयेत म्हणून तो अंग चोरून बसला.

"ताई, हे काय चाललंय?"

"दादा, बघितलंस का?" सापीण उत्साहानं म्हणाली. "सगळे माझ्याशी बोलतात. ती सशीण रोज पिल्लू घेऊन येते. ते माझ्या वेटोळ्यात निजतं!"

"ते तुझ्याशी बोलत नाहीत ताई. त्या दगडाशी बोलतात."

सापिणीनं तोंड दुसरीकडं वळवलं.

"सांगून टाक," पक्षी हळू आवाजात म्हणाला. "अजून काही बिघडलेलं नाही. लोक हसतील, चार शिव्या देतील, विसरून जातील. पण पाऊस नाही पडला तर हे सगळे तुझ्याकडं बघणार आहेत. तेव्हा काय करशील?"

"पाऊस पडला की सांगते. एकदा पाऊस पडू दे. मग कुणी रागावणार नाही."

"आणि नाही पडला तर?"

"पडेल रे. तू उगीच घाबरवू नकोस."

पक्षी जायला उठला. "बरं," तो म्हणाला. "मी आता ढोलीत जाऊन बसतो. पिसं वाढेपर्यंत येणं व्हायचं नाही. जपून राहा."

तो गेला, आणि दुसऱ्याच दिवशी एक सर येऊन गेली. पानं ओली होण्यापुरतीच. पण जनावरं वेड्यासारखी नाचली. सापिणीच्या मनात आलं, आता सांगावं. पण सशीण आनंदानं रडत होती, पिल्लू सापिणीच्या अंगावरून घसरगुंडी खेळत होतं. ती मनाशी म्हणाली, आज नको. उद्या.

उद्या आभाळ पुन्हा कोरडं झालं. उन्हानं राळ वाळली, तडकली आणि पिसं एकेक करून गळायला लागली. जनावरांनी ते पाहिलं आणि ती कोल्ह्याकडं धावली.

"मला कळलं," कोल्हा पायरीवर चढून म्हणाला. "पिसं गळताहेत म्हणून पाऊस थांबलाय. देवाला पिसं द्या, तो आपल्याला पाऊस देईल."

आधी जंगलात पडलेली पिसं गोळा झाली. ती पुरेनात. मग एका सकाळी कोल्ह्यानं पोपटाची ताजी पिसं आणली. "भक्तांनी आपणहून दिली, देवा," तो म्हणाला आणि राळ लावून ती त्यानं सापिणीच्या अंगावर बसवली. सकाळीच खालच्या रानातून पोपटांचा कल्लोळ ऐकू आला होता. सापिणीनं तो ऐकला होता. पण 'आपणहून दिली' हा शब्द तिनं घट्ट धरून ठेवला, कारण तो सोडला असता तर पुढं बरंच काही सोडावं लागलं असतं. तिनं विचारलं नाही.

अशातच तिचे कात टाकायचे दिवस आले. सापांचं असं असतं बाळांनो, की अंग वाढतं पण कातडी वाढत नाही. ती टाकावीच लागते. टाकायच्या आधी डोळ्यांवर दुधासारखं सावट येतं आणि काही दिसेनासं होतं. सापीण कासावीस झाली. कात टाकली तर सगळी पिसं तिच्याबरोबर जाणार. ती दगडाला अंग घासेना, हलेना. आखडलेल्या कातडीत तिला श्वास घेववेना, तरी ती तशीच आंधळी होऊन पडून राहिली. जनावरांना वाटलं, देवाचे डोळे पांढरे झाले, देव कोपला.

"लहानसहान पिसांनी आता भागायचं नाही," कोल्हा म्हणत असलेला तिला ऐकू आला. "याच्या अंगावर मूळची पिसं होती ती हिरवी होती. तसलीच लागतील."

सापीण दचकली. "थांबा," ती म्हणाली. कितीतरी दिवसांनी ती बोलली होती. आवाज अगदी बारीक निघाला. कोल्ह्यानं कान टवकारले आणि मागं वळून गर्दीला ओरडून सांगितलं, "देव म्हणतो, थांबू नका!"

पावलं धावत गेली. खूप पावलं होती ती. त्यांत सशाच्या उड्याही तिला ओळखू आल्या. ती पायऱ्यांवरून खाली सरपटली, पण समोर पांढऱ्या धुक्याशिवाय काही नव्हतं. ती तळ्याच्या काठाला आपटली, दगडी नागाला आपटली, पुन्हा मागं फिरली. जंगल कुठल्या बाजूला आहे हेच तिला कळेना. "नको! नको रे! मी देव नाही!" ती ओरडत होती, पण ऐकायला तळ्यावर कुणी उरलेलंच नव्हतं.

थोड्या वेळानं पावलं परत आली. कोल्ह्यानं तिच्या पाठीवर काहीतरी ठेवलं. ती पिसं होती. आखूड, अर्धवट वाढलेली. आणि ती कोमट होती, ओली होती.

तिनं जीभ बाहेर काढली. सापाला जिभेनं वास कळतो. जगात एकाच अंगाचा वास तिला स्वतःच्या घरासारखा ओळखीचा होता, आणि तो या ओलीत होता.

"ही कुणाची पिसं?" तिनं विचारलं.

"एका पक्ष्याची, देवा. ढोलीत लपून बसला होता. नाही नाही म्हणत होता, पण दिली शेवटी."

सापिणीनं दगडी नागाच्या जबड्याच्या कडेला आपलं तोंड लावलं आणि जोरानं घासलं. कातडी ओठाशी फाटली. तिनं अंग आत-बाहेर ओढलं, पुन्हा पुन्हा ओढलं. पिसांनी आणि राळेनं जड झालेली कातडी सुटता सुटेना, खालचं कोवळं अंग सोलवटून निघालं, तरी ती थांबली नाही. शेवटी ती बाहेर आली. वाळल्या पानाच्या रंगाची, बारीक, नेहमीची सापीण. मागं पिसांनी भरलेली पोकळ कात पडली होती.

"बघा माझ्याकडं!" ती म्हणाली. "मी देव नाही. मी इथल्या फटीत राहणारी सापीण. गोगलगायी खाते मी. मला पाऊस पाडता येत नाही, कधीच येत नव्हता. ती पिसं मला माझ्या दादानं दिली होती, आणि तुम्ही त्यालाच..."

सशिणीनं किंकाळी फोडली. "साप! सापानं देवाला खाल्लं!" तिनं पिल्लू उचललं आणि अशी पळाली की तिनं एकदाही वळून पाहिलं नाही. माकडांनी दगड उचलले. "हिनं गिळलं देवाला! मारा हिला!" एक दगड सापिणीच्या शेपटीवर बसला, एक डोक्याजवळून गेला. ती झुडपात शिरली तेव्हा मागून कोल्ह्याचा आवाज येत होता. "घाबरू नका! देव गेलेला नाही. हे पाहा, देवाचं अंग अजून आपल्याकडंच आहे." त्यानं ती कात उचलून दगडी नागाच्या मस्तकावर चढवली होती आणि सगळे पुन्हा माना वाकवत होते.

सापीण कुजक्या खोडाच्या झाडाशी पोचली. पक्षी बुंध्यापाशी पाचोळ्यात पडला होता. पक्षीण त्याच्या शेजारी बसली होती. तिच्या चोचीत पाण्यानं भिजवलेलं शेवाळ होतं, आणि ते कुठं लावावं हे तिला समजत नव्हतं.

"दादा," सापीण म्हणाली.

त्यानं डोळा उघडला. "ताई? सुटलीस?"

"सुटले."

"सांगितलंस त्यांना?"

"सांगितलं. पण उशीर केला रे. मी फार उशीर केला."

'असू दे' असं तो म्हणाला नाही, आणि तिनंही ती अपेक्षा धरली नाही. थोड्या वेळानं तो पुटपुटला, "गार वाटतंय." सापीण त्याच्याभोवती वेटोळं घालून बसली. पण सापाच्या अंगाला स्वतःची ऊब नसते. तिनं कितीही जवळ घेतलं तरी त्याची थरथर थांबेना. मग ती आपोआप थांबली.

पक्षिणीनं चोचीतलं शेवाळ खाली टाकलं. "एक शब्द," ती म्हणाली. "त्या पहिल्या दिवशी एक शब्द बोलली असतीस तर काय बिघडलं असतं तुझं?"

"माझ्याजवळ कुणी आलं नसतं," सापीण म्हणाली.

"हा येत होता की."

पक्षीण उडाली, झाडांच्या वरून, डोंगरापलीकडं, आणि त्या जंगलात पुन्हा कधी दिसली नाही.

कात टाकल्यावर सापाची नजर अगदी लख्ख होते, एरवी कधी नसते इतकी. आणि सापाला पापण्या नसतात. नको ते समोर आलं तरी डोळे मिटून घेता येत नाहीत. सापीण तिथं बसून राहिली आणि एकेक जखम तिला स्वच्छ दिसत राहिली. संध्याकाळच्या सुमाराला वारा सुटला. डोंगरावर ढग टेकले आणि त्यांना पुढं जावंसं वाटलं नाही. धो धो पाऊस कोसळू लागला. देवळाच्या बाजूनं जयजयकाराचा आवाज उठला, आणि पावसाच्या आवाजातही तो कितीतरी वेळ ऐकू येत राहिला. सापीण भिजलेली माती तोंडानं ढकलत होती. हात नाहीत, पाय नाहीत. थोडी थोडी माती, थोडी थोडी पानं. तिचा दादा पुरता झाकला जाईपर्यंत ती ढकलत राहिली.

तात्पर्य एवढंच : आपला नसलेला मान गप्प राहून घेतला, तरी ते खोटंच असतं, आणि त्याचा घाव बहुतेक वेळा त्याच्यावरच बसतो, ज्याला आपण मुळात जसे होतो तसेच आवडत होतो.